जुन्या गेम बॉयच्या कॅसेटी नव्या यंत्रांत कुठपर्यंत चालतात?

गिरणाकाठ (जळगाव)

सर्वांना नमस्कार. माझे मामा आखातात नोकरीला होते. १९९९ च्या उन्हाळ्यात ते सुटीवर आले, तेव्हा त्यांनी माझ्या थोरल्या भावासाठी करड्या रंगाचा मूळ गेम बॉय, म्हणजे निन्टेंडो कंपनीचे हातात धरून खेळायचे यंत्र, आणला होता. आम्ही त्या वेळी भुसावळच्या रेल्वे क्वार्टरमध्ये राहत होतो. लोडशेडिंगच्या दुपारी टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेम निरुपयोगी व्हायचा. हे यंत्र मात्र चार पेन्सिल सेलवर चालायचे आणि ओट्यावर निंबाच्या सावलीत बसून आम्ही ते आळीपाळीने खेळायचो. पुढच्या पाच-सहा वर्षांत मामा प्रत्येक फेरीत एक-दोन कॅसेटी आणत गेले. (दुकानदार आणि वेबसाइटवाले ‘कार्ट्रिज’ म्हणतात, आमच्याकडे हिला कायम कॅसेटच म्हटले गेले, म्हणून इथेही तेच लिहितो.)

या फेब्रुवारीत गावच्या घराचे पत्रे बदलताना माळ्यावर बिस्किटांचा डबा सापडला. त्यात ११ कॅसेटी आहेत: पाच करड्या, एक काळी, एक सोनेरी, एक पारदर्शक आणि तीन लहान, म्हणजे उंचीने जवळपास निम्म्या. मूळ यंत्रात राहिलेले सेल फुटून पट्ट्या गंजल्या आहेत आणि पडद्यावर काळा डाग पसरला आहे.

मे महिन्यात नऊ वर्षांची भाची पुण्याहून येणार आहे. तिला या सगळ्या कॅसेटी एकाच यंत्रात खेळता याव्यात, एवढीच माझी इच्छा होती. एका दुकानदाराने ‘कोणतीही जुनी कॅसेट लावा, चालते’ अशी खात्री देऊन मला वापरलेला डीएस लाइट (निन्टेंडोचेच नंतरचे यंत्र) विकला. त्यात तीन लहान कॅसेटी उत्तम चालतात, पण उरलेल्या आठ आत बसतच नाहीत. यंत्र परत घेण्यास दुकानदाराने नकार दिला.

माझे प्रश्न दोन आहेत. लहान कॅसेटी चालतात आणि मोठ्या चालत नाहीत, यामागे नेमके कारण काय? आणि अकराच्या अकरा कॅसेटी चालतील असे एखादे यंत्र आहे का? जाता जाता सांगतो, ती पारदर्शक कॅसेट आमच्याकडे कधीच चालली नाही. ती घातली की यंत्राचे बटणच सरकायचे नाही. मामांना कोणीतरी खराब माल दिला, असे घरात आजवर मानले गेले आहे.

सातपुडा (शिरपूर)

गिरणाकाठ, तुमच्या मामांना कोणी फसवले नव्हते. ती कॅसेट बहुधा पूर्णपणे चांगली आहे आणि ती तुमच्या यंत्रात चालू नये अशीच तिची घडण आहे. हे समजले की बाकीचे सगळे आपोआप उलगडते, म्हणून तिथूनच सुरुवात करतो.

करडी कॅसेट हातात घेऊन तिचा वरचा उजवा कोपरा पाहा. तिथे एक खाच दिसेल. मूळ गेम बॉयचे बटण ‘चालू’कडे सरकवले की आतली एक लहान दांडी त्या खाचेत शिरते, आणि यंत्र चालू असेपर्यंत कॅसेट बाहेर ओढता येत नाही. पारदर्शक कॅसेटीच्या कोपऱ्याला ही खाच ठेवलेली नाही. त्यामुळे दांडीला शिरायला जागा मिळत नाही आणि बटण सरकत नाही. पारदर्शक कॅसेटी फक्त गेम बॉय कलर या नंतरच्या रंगीत यंत्रासाठी होत्या. जुन्या यंत्रात त्या चालणार नाहीत हे ग्राहकाला कळावे, यासाठी कुठलाही संदेश न दाखवता केवळ प्लास्टिकच्या आकारातून केलेली ही सोय आहे. मला ती फार आवडते. तुमच्या काळ्या कॅसेटीला मात्र खाच असेल, कारण काळ्या कॅसेटी दोन्ही यंत्रांसाठी होत्या: जुन्या यंत्रात करड्या छटांत आणि कलरमध्ये रंगांत. सोनेरी कॅसेट पोकेमॉन गोल्डची असेल, तर तीही याच प्रकारातली आहे.

आता यंत्रांच्या आत काय झाले ते पाहू. १९८९ च्या मूळ गेम बॉयमध्ये शार्प कंपनीचा ८ बिटी प्रोसेसर होता. त्याचा वेग सुमारे ४.१९ मेगाहर्ट्झ होता, आणि पडदा १६० बाय १४४ ठिपक्यांचा व चार छटांचा होता. १९९८ च्या अखेरीस आलेल्या कलरमध्ये त्याच घराण्यातला प्रोसेसर ठेवून त्याला दुप्पट वेगाने पळण्याची सोय दिली गेली. प्रत्येक कॅसेटीच्या सुरुवातीच्या माहितीत एक बाइट असतो, जो ‘मी कलरसाठी आहे’ किंवा ‘मी जुनी आहे’ हे सांगतो. तो जुना निघाला तर कलर जुन्याच वेगाने चालतो आणि चार छटांच्या जागी स्वतःकडचे रंग भरतो. थोडक्यात, कलरच्या आत जुना गेम बॉय अख्खाच्या अख्खा शिल्लक होता.

२००१ च्या गेम बॉय ॲडव्हान्समध्ये प्रश्न अवघड झाला, कारण ॲडव्हान्सचा मुख्य प्रोसेसर ३२ बिटी एआरएम जातीचा होता आणि त्याला जुन्या प्रोसेसरची भाषा समजत नव्हती. निन्टेंडोने इथे सरळ मार्ग घेतला: नव्या प्रोसेसरच्या शेजारी जुना ८ बिटी प्रोसेसरही बसवला. शिवाय जुन्या कॅसेटींना ५ व्होल्ट लागतात आणि लहान कॅसेटी ३.३ व्होल्टवर चालतात, हा फरक होताच. त्यासाठी कॅसेट बसवायच्या खोबणीत एक चिमुकला स्विच दिला गेला. मोठ्या कॅसेटीच्या आकाराने तो दाबला जातो. मग यंत्र ५ व्होल्ट देते आणि कारभार जुन्या प्रोसेसरकडे सोपवते. लहान कॅसेटीच्या कडा कापलेल्या असल्याने तो स्विच मोकळा राहतो.

तुमचा डीएस २००४ च्या घराण्यातला आहे. त्यात दोन एआरएम प्रोसेसर आहेत आणि त्यांतला धाकटा ॲडव्हान्समधल्याच जातीचा आहे. लहान कॅसेट घातली की तो आपला वेग निम्म्यावर, म्हणजे सुमारे १६.८ मेगाहर्ट्झवर आणतो आणि ॲडव्हान्स म्हणून काम करू लागतो. ८ बिटी प्रोसेसर मात्र डीएसमध्ये ठेवला गेला नाही. म्हणून मोठी कॅसेट त्याच्या खोबणीत बसू नये अशी रचना आहे. कृपया जोर लावून बसवू नका.

तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर: ॲडव्हान्स किंवा ॲडव्हान्स एसपी घ्या. अकराही कॅसेटी चालतील.

केळीबाग (रावेर)

सातपुडा दादांचे उत्तर वाचून आनंद झाला, तरीही एक शंका मांडतो. आज साध्या फोनवर एम्युलेटर, म्हणजे जुन्या यंत्राची नक्कल करणारे सॉफ्टवेअर, टाकला की गेम बॉयपासून डीएसपर्यंत सगळे चालते. पडदा मोठा मिळतो आणि खेळ हवा तिथे साठवता येतो. मग वीस-पंचवीस वर्षे जुने यंत्र शोधत फिरणे आणि त्यासाठी काही हजार रुपये खर्च करणे कितपत योग्य आहे? आपल्याकडे अशी यंत्रे दुरुस्त करणारेही फारसे उरलेले नाहीत.

धुळे वर्कशॉप

यंत्राच्या निवडीबद्दल थोडे लिहितो. एम्युलेटरचा विषय सातपुडा अधिक चांगला मांडतील.

साध्या ॲडव्हान्सच्या पडद्याला स्वतःचा प्रकाश नाही. आपल्याकडच्या एप्रिल-मेच्या उन्हात, अंगणात बसून, तो सुंदर दिसतो. घरात ट्यूबलाइटखाली डोळे ताणावे लागतात. २००३ च्या एसपीमध्ये पडद्याला समोरून प्रकाश दिला गेला आणि २००५ च्या सुमारास निघालेल्या सुधारित एसपीमध्ये मागून. दुसरा प्रकार अधिक उजळ आहे, त्यामुळे तो महाग मिळतो. तुमच्या भाचीसाठी पहिलाही पुरेसा आहे.

घेताना तीन गोष्टी तपासा. एसपीची बॅटरी फुगलेली नसावी. आपल्याकडच्या उन्हाळ्यात बंद कपाटात पडून राहिलेल्या बॅटऱ्या बऱ्याचदा फुगतात, आणि तशी असेल तर ती लगेच बदलावी. बिजागरीला तडा नसावा. आणि दुकानातच एक लहान व एक मोठी अशा दोन्ही कॅसेटी लावून पाहाव्यात, कारण व्होल्टेज बदलणारा तो स्विच गंजला असेल तर एकाच प्रकारच्या कॅसेटी चालतात आणि घरी आल्यावर पुन्हा तुमच्या डीएससारखी निराशा होते. तुम्हाला ज्याने खोटी खात्री दिली त्याच्याबद्दल मला मनापासून वाईट वाटते. कॅसेट लावून दाखवायला त्याला एक मिनिटही लागले नसते.

गेम बॉय मायक्रो नावाचे लहानसे देखणे यंत्र कोणी दाखवले तर ते घेऊ नका. २००५ च्या त्या यंत्रात फक्त लहान कॅसेटी चालतात.

सातपुडा (शिरपूर)

केळीबाग, तुमचा प्रश्न रास्त आहे. ज्याच्याकडे कॅसेटीच नाहीत त्याने जुने यंत्र शोधण्यापेक्षा दुसरा मार्ग घ्यावा, असे मीही म्हणेन. इथे परिस्थिती वेगळी आहे. कॅसेटी घरात आहेत आणि त्यांच्या आत भावाने साठवलेले खेळ असण्याची शक्यता आहे. इंटरनेटवरून उतरवलेल्या फाइलीत ते नसतील.

दुसरा मुद्दा असा की अनेक खेळ केवळ प्रोसेसरवर अवलंबून नव्हते. काही कॅसेटींमध्ये यंत्र कलते केल्याचे ओळखणारा सेन्सर होता. असा खेळ एसपीत घातला तर गंमत होते: एसपीची खोबणी वर नसून खाली असल्याने कॅसेट उलटी बसते आणि यंत्र डावीकडे कलवले की खेळातली वस्तू उजवीकडे जाते. कलरच्या माथ्यावर इन्फ्रारेडची खिडकी होती. पोकेमॉन गोल्डमधली भेटवस्तूंची देवघेव तिच्यातून होई. ॲडव्हान्समध्ये ती खिडकी नाही, म्हणून खेळ चालतो पण तेवढा भाग बंद राहतो. जोडकेबलचेही तसेच आहे. दोन ॲडव्हान्सवर जुनी कॅसेट जोडून खेळायची असेल तर कलरच्या काळातली केबल लागते, ॲडव्हान्सची चालत नाही. डीएसला तर केबलची जागाच नाही, त्यामुळे लहान कॅसेटी त्यात एकट्यानेच खेळाव्या लागतात. ‘चालते’ या एका शब्दात इतक्या पायऱ्या आहेत, आणि विकणाऱ्याने त्यांतली कोणती पायरी हे सांगायला हवे, असे माझे ठाम मत आहे.

तिसरा मुद्दा दुकानांचा. डीएसनंतरच्या थ्रीडीएस या निन्टेंडोच्या यंत्रावर जुने गेम बॉयचे खेळ ऑनलाइन दुकानातून विकत मिळत असत. २७ मार्च २०२३ रोजी त्या दुकानातली खरेदी बंद झाली. त्या दिवसानंतर ज्याला ते खेळ हवे होते त्याला तिथे विकत घेता आले नाहीत. तुमच्या डब्यातली कॅसेट मात्र कोणाच्या सर्व्हरची वाट पाहत नाही.

सॉफ्टवेअरचा मार्ग मी कमी लेखत नाही. ५ जून २०२५ रोजी आलेला निन्टेंडोचा स्विच २ आपल्या आधीच्या स्विचच्या कॅसेटी चालवतो. ॲडव्हान्ससारखा जुना प्रोसेसर त्यात ठेवलेला नाही. जुन्या खेळाच्या सूचनांचे चालता चालता नव्या यंत्रासाठी भाषांतर होते. आजचे प्रोसेसर इतके गुंतागुंतीचे आहेत की जुना शेजारी बसवणे परवडत नाही. त्याची किंमत अशी की प्रत्येक खेळ तपासावा लागतो आणि काही खेळांत अडचणी राहतात. तिसरा मार्ग २०२१ च्या अखेरीस आलेल्या ॲनालॉग पॉकेटचा: त्यात एफपीजीए नावाची, हवी तशी जुळवता येणारी चिप आहे आणि ती जुन्या यंत्राच्या सर्किटची नक्कल करते. गेम बॉय, कलर आणि ॲडव्हान्स या तिन्हींच्या कॅसेटी त्यात थेट बसतात. पण ते परदेशातून मागवावे लागते आणि महाग पडते, म्हणून गिरणाकाठांना मी ते सुचवले नाही.

केळीबाग (रावेर)

साठवलेल्या खेळांचा मुद्दा माझ्या लक्षात आला नव्हता. पटले. इतर कंपन्यांनीही अशी काळजी घेतली होती का?

सातपुडा (शिरपूर)

काहींनी घेतली. बंदाईच्या वंडरस्वान या हातातल्या यंत्राची कलर आवृत्ती २००० मध्ये आली आणि ती आधीच्या कृष्णधवल कॅसेटी चालवत असे. निओ जिओ पॉकेट कलरही तसाच. सेगाचा गेम गिअर आतून त्यांच्याच टीव्हीवरच्या मास्टर सिस्टिमशी इतका मिळताजुळता होता की एका जोडणीतून मास्टर सिस्टिमच्या कॅसेटी हातातल्या यंत्रात चालत. सोनीने मात्र २०११ च्या व्हिटा या हातातल्या यंत्रातून त्यांच्याच आधीच्या पीएसपीची चकती घालायची जागाच काढून टाकली. चकती असलेल्यांना सवलतीत डिजिटल प्रत देण्याची योजना त्यांनी जपानपुरतीच ठेवली, त्यामुळे बाकीच्या जगातल्या ग्राहकांच्या हातात चकत्या तशाच राहिल्या.

अमळनेरची लेक

गिरणाकाठ दादा, यंत्राचे ठरले असेल तर आता कृपया कॅसेटींकडे लक्ष द्या, कारण माझ्या अनुभवात यंत्राआधी कॅसेटीतली बॅटरी संपते. माझ्या वडिलांचे रेडिओ दुरुस्तीचे टेबल मी आता अशा कामांसाठी वापरते.

जुन्या मोठ्या कॅसेटींपैकी ज्यांत खेळ साठवता येतो, त्यांतल्या बहुतेकांत तो एसरॅम नावाच्या स्मृतीत राहतो. ती स्मृती वीज असेपर्यंतच टिकते, म्हणून कॅसेटीत एक नाण्याएवढी बॅटरी डाखलेली असते. तुमच्या सोनेरी कॅसेटीत सीआर२०२५ असेल. त्या खेळात घड्याळ आहे आणि ते यंत्र बंद असतानाही चालू राहते, म्हणून तिची बॅटरी इतरांपेक्षा लवकर संपते. ती आतापर्यंत संपलेली असण्याची तयारी ठेवा. साध्या करड्या कॅसेटींत घड्याळ नसल्याने त्यांच्या बॅटऱ्या अनेकदा आश्चर्य वाटावे इतक्या टिकतात. मात्र तुमचा डबा पत्र्याखालच्या माळ्यावर होता, आणि उष्णतेने प्रत्येक बॅटरी लवकर झिजते. तीन लहान कॅसेटींपैकी एखादी पोकेमॉन रुबी किंवा सफायर असेल आणि ‘बॅटरी संपली’ असा संदेश आला तर घाबरू नका. त्यांत साठवण फ्लॅश स्मृतीत असते, तिला टिकायला बॅटरी लागत नाही. थांबते ते फक्त घड्याळ.

बॅटरी काढली की एसरॅममधला खेळ त्याच क्षणी पुसला जातो. म्हणून आधी कॅसेट रीडरने तो संगणकावर उतरवून घ्यावा, मग बॅटरी बदलावी आणि नंतर खेळ परत कॅसेटीत भरावा. नवी बॅटरी पत्र्याचे पाय जोडलेली मिळते तीच घ्यावी. साध्या बॅटरीला थेट डाख देणे धोक्याचे आहे, आणि चिकटपट्टीने बसवलेली बॅटरी एका धक्क्यात सुटते. कॅसेट उघडायला ३.८ मिलिमीटरचा खास पाना लागतो. बॉलपेनची नळी वितळवून केलेल्या पान्याने स्क्रूचे डोके खराब झालेल्या कॅसेटी माझ्याकडे येतात तेव्हा जीव हळहळतो.

आणखी एक. चालू करताना पडद्यावर कंपनीचे नाव येते, ते यंत्राने कॅसेटीतून वाचून आपल्याकडच्या नमुन्याशी ताडलेले असते. नावाऐवजी काळी पट्टी किंवा विस्कटलेली अक्षरे आली तर कॅसेट मेली असे समजू नका. बहुतेक वेळा तिचे दात, म्हणजे यंत्राला टेकणाऱ्या धातूच्या पट्ट्या, मळलेले असतात. फुंकर मारू नका, तोंडाच्या ओलाव्याने गंज वाढतो. कानकाडीला आयसोप्रोपिल अल्कोहोल लावून ३२ दात हळुवार पुसा आणि वाळू द्या.

गिरणाकाठ (जळगाव)

सर्वांचे मनापासून आभार. तीन आठवड्यांनी लिहीत आहे. सुरतेला उधन्यात राहणाऱ्या चुलतभावाच्या ओळखीने समोरून प्रकाश देणारा एसपी मिळाला. धुळे वर्कशॉप यांच्या सूचनेप्रमाणे त्याने तिथेच दोन्ही प्रकारच्या कॅसेटी लावून पाहिल्या आणि बॅटरी नवी घातली.

अकरापैकी नऊ कॅसेटी लगेच चालल्या. एका करडीवर विस्कटलेली अक्षरे आली आणि काळीवर नुसती पट्टी. दोन्हींचे दात दोनदा पुसल्यावर त्याही सुरू झाल्या. लेक ताईंनी सांगितले होते तसेच सोनेरीतले सगळे गेले आहे. भावाला फोनवर सांगितले तेव्हा तो क्षणभर गप्प झाला. पण १९९३ च्या झेल्डाच्या करड्या कॅसेटीत त्याच्या नावाचा खेळ अजून आहे. ताई, ती कॅसेट मी उघडलेली नाही आणि आता तिला हातही लावत नाही. तुम्हाला सोयीचे असेल तर या रविवारी सुरतकडे जाणाऱ्या सकाळच्या पॅसेंजरने ती घेऊन अमळनेरला येतो.

पारदर्शक कॅसेट पहिल्याच खेपेला चालली. साठवणीच्या तिन्ही जागा रिकाम्या होत्या. तिच्यात आजवर कोणी खेळलेच नव्हते. ही बातमी मी मामांना कळवली आहे. भाची शनिवारी आली आणि पहिल्या जागेवर तिने स्वतःचे नाव घातले आहे. तिला करड्या कॅसेटीचे चित्र मात्र पडद्याच्या मधोमध लहान दिसते. ते मोठे करता येते का?

सातपुडा (शिरपूर)

खेळ चालू असताना खांद्यावरचे उजवे बटण दाबायला सांगा, चित्र आडवे ताणले जाईल. डावे दाबले की पुन्हा मूळ आकारात येईल. ताणल्यावर गोल गोष्टी लंबगोल दिसतात, म्हणून मी स्वतः लहानच ठेवतो. आणि करड्या कॅसेटी सुरू होताना नाव दिसत असतानाच दिशेचे बटण, एकटे किंवा ए अथवा बी सोबत, दाबले की वेगवेगळे रंग मिळतात. असे १२ प्रकार आहेत. तिला ते एकेक करून शोधू द्या.

अमळनेरची लेक

रविवारी अवश्य या. रीडर आणि पायांची बॅटरी तयार ठेवते. सोनेरीही सोबत आणा. तिच्यातला खेळ परत येणार नाही, पण घड्याळ पुन्हा चालू करता येईल.